पोरीच्या थिसिसमधला मामा

माझी पोरगी अमेरिकेत ॲन आर्बरला शिकते, आणि शिकते ती पेपरात काम करणाऱ्या बायकांवर. एवढी मोठी युनिव्हर्सिटी, आणि तिथं बसून आपल्याकडच्या जिल्ह्याच्या पेपरात बातम्या लिहिणाऱ्या पोरींचा अभ्यास. कोणाला कुठली बातमी देतात, नाव कोणाचं छापतात, साहेब केबिनमधी बोलावून काय बोलतो, बाई नोकरी सोडते तेव्हा कारण काय सांगते आणि खरं काय असतं. मला आधी कळायचं नाही, ह्यात शिकण्यासारखं काय? हे तर सगळ्याच बायांना माहीत असतं.

ती म्हणायची, "माहीत असतं आई, पण लिहिलेलं कुठंच नसतं. लिहिणारे तेच साहेब ना सगळे."

मी इकडं आले नातीला सांभाळायला. जावई तिकडं लांब रेडमंडला नोकरीला, महिन्यातून एकदा विमानानं येतो, आल्या आल्या झोपतो. पोरीला लेकरू सांभाळून थिसिस लिहायचा होता, मग आईला बोलावलं. इकडं सगळ्यांच्याच आया येतात अशा. पार्कमधी बाबागाडी ढकलत चाललेली साडीवर स्वेटर घातलेली बाई दिसली की समजायचं, आपल्यासारखीच.

पोरगी मुलाखती घ्यायची सकाळी. आपल्याकडं तेव्हा संध्याकाळ असते. बायका ऑफिसातून घरी आलेल्या असतात नाहीतर गच्चीवर जाऊन बोलत असतात. ही कानाला हेडफोन लावायची आणि आतल्या खोलीचं दार लावून घ्यायची. मी आणि नात स्वयंपाकघरात. पहिल्याच दिवशी मला सांगितलं होतं, "आई, ह्या बायका माझ्या भरवशावर बोलतात. दुसऱ्या कोणी ऐकायचं नाही, तू पण नाही. त्यांची नावं पण मी बदलते." मला तो नियम आवडला. आमच्या गावात तर एखादीला मारलं की संध्याकाळपर्यंत तिचं नाव, सासरचं नाव, गल्ली, सगळं छापून तयार. तिला कोणी विचारायचं नाही, छापू का म्हणून.

हे मला कसं माहीत, तर पेपर मीच वाटायचे. मालक, म्हणजे पोरीचे वडील, गेले तेव्हा ती नुकती चालायला लागली होती. मालकांची तालुक्याच्या गावात पेपरची एजन्सी होती. पहाटे पेपरची गाडी स्टँडवर गठ्ठे टाकून जायची. गठ्ठे सोडायचे, पुरवण्या भरायच्या, घरोघरी लाइन टाकणाऱ्या पोरांना पेपर मोजून द्यायचे. मालक गेल्यावर मीच जायला लागले, पोरीला गोणपाटावर निजवून. बाई बसली म्हणून लोक गोळा व्हायचे. एक जण म्हणाला, "वहिनी, पेपर विकताय का पेपरात यायचंय?" मी म्हणलं, "आधी मागचं बिल द्या, मग सांगते."

गावात दोघातिघांचा त्या एजन्सीवर डोळा होता. बाईच्या नावावर एजन्सी देता येत नाही असं कोणीतरी वरती सांगितलं. तेव्हा पेपरच्या जिल्ह्याच्या ऑफिसातून एक साहेब आले. तेव्हा तरुण होते, तिथले प्रमुख. स्टँडवर उभं राहून त्यांनी माझं काम बघितलं, चहा घेतला, आणि म्हणाले, "ही एजन्सी ताईंच्याच नावावर राहील. बघतो कोण काढतो." आणि राहिली. त्या वर्षी भाऊबीजेला ते घरी आले. मला भाऊ नव्हता. मी ओवाळलं. तेव्हापासून दर वर्षी यायचे, ताटात साडी टाकायचे, पोरीला पुस्तकं आणायचे. पोरगी त्यांना मामा म्हणायची. गावात कोणी जास्त बोलायला लागलं की मी म्हणायचे, "भाऊला सांगू का?" आणि माणूस गप्प व्हायचा. एकट्या बाईला हे केवढं असतं, ते ज्याला लागलं त्यालाच कळतं.

मी तिसरी शिकलेली. मथळा वाचायचा तरी बोट ठेवून. पण पोरगी उरलेले पेपर घेऊन बसायची आणि पहिल्या पानापासून शेवटच्यापर्यंत वाचायची, निधनवार्तासुद्धा. कॉलेज झाल्यावर भाऊ म्हणाले, "हिला माझ्याकडं पाठवा ताई. आता मी संपादक आहे तिकडं." मी पेढे वाटले. पोरीचं नाव पहिल्यांदा छापून आलं तेव्हा तो पेपर मी लाइनवाल्यांना न देता एकेका गिऱ्हाइकाच्या हातात स्वतः दिला.

मग तिनं नोकरी सोडली. दोन दिवाळ्या झाल्या नसतील. घरी आली, बॅग ठेवली, म्हणाली, "नाही जमत." मी विचारलं, ती म्हणाली, "शिकायचंय पुढं." पुढं शिकायला स्कॉलरशिप मिळाली, पुणे झालं, मग हे अमेरिका. मला वाटलं, बरं झालं, मोठी स्वप्नं असतील.

मागच्या वर्षी दिवाळीच्या आधी तिच्या गाईडबाई घरी जेवायला आल्या. पोरगी त्यांना नावानं हाक मारते, इकडं तशी रीत आहे. मला तोंडातून निघेना, मी गाईडबाईच म्हणते. माझ्याच वयाच्या, केस पांढरे, स्वतः भाजलेला ब्रेड कापडात बांधून आणला होता. पूर्वी त्यांनीही पेपरात काम केलेलं. मी थालीपीठं केली होती. त्या हातानं खात होत्या, मधेमधे मला प्रश्न विचारत होत्या. पोरगी त्यांचं मराठीत सांगायची, माझं इंग्रजीत.

"तुम्ही विकायचात त्या पेपरात बायकांच्या बातम्या कुठल्या यायच्या?"

मी म्हणलं, "विहिरीत पडली. स्टोव्ह भडकला. हळदीकुंकू झालं."

पोरीनं इंग्रजीत सांगितलं. गाईडबाई हसायला लागल्या आणि हसता हसता थांबल्या.

मग त्यांनी हात पुसले, माझ्या हातावर हात ठेवला, आवाज खाली आणला आणि बरंच काहीतरी बोलल्या. हळूहळू, शब्द शोधत. पोरीकडं बघितलं तर ती ताटाकडं बघत होती.

"काय म्हणतात?"

"म्हणते, थालीपीठ छान झालंय."

थालीपीठाचं कौतुक कोणी असं करत नाही. पण पाहुण्यांसमोर काय बोलायचं? मी म्हणलं, "सांग त्यांना, अजून एक घ्या."

त्या गेल्यावर पोरगी भांडी घासायला लागली. मी नातीला मांडीवर घेतलं.

"काय म्हणाल्या त्या?"

"सांगितलं की."

"पोरी, मला इंग्रजी येत नाही. मी बहिरी नाही."

तिनं नळ बंद केला. पाठ माझ्याकडंच. म्हणाली, "तिनं विचारलं, मी पेपर सोडला तेव्हा तुला काय वाटलं होतं."

"मग मला का नाही सांगितलं?"

"कारण तू उत्तर दिलं असतंस. म्हणाली असतीस, तिच्या मामानं एवढं केलं, तरी हिला टिकता आलं नाही."

मी तसं कधी बोलले नव्हते. पण भाऊ बोलले होते. तिनं नोकरी सोडल्यावर ते घरी आले होते समजवायला. बाजेवर बसून, मांडी घालून. "पोरगी हुशार आहे ताई, पण नाजूक. ह्या धंद्यात टिकायला कातडी लागते." आणि मी मान हलवली होती.

"आई, मामामुळंच सोडली."

एवढंच बोलली आधी. मग हळूहळू सांगितलं. केबिनमधी बोलवायचे, पान बघायला म्हणून. दार लावायचे. मानेवर हात. "मामा आहे मी तुझा, लाजतेस काय." ती खुर्ची सरकवायची, ते पण सरकवायचे. एकदा तिनं हात झटकला आणि स्पष्ट सांगितलं. दुसऱ्या दिवसापासून तिच्याकडच्या जिल्हा परिषदेच्या बातम्या काढून घेतल्या. रेसिपीची पुरवणी दिली. बातमी लिहिली तरी नाव छापायचं बंद. डेस्कवरची माणसं बघायची आणि चहा प्यायची. कोणीतरी हळूच म्हणालं, "तुझं काय, तू तर घरचीच."

मला रडायला वेळ लागतो. आधी माझे हात कामाला लागतात. मी नातीला खाली ठेवलं, तवा घेतला, घासला. स्वच्छच होता तो. परत घासला.

"ऑफिसात किती जणांना माहीत होतं?"

"सगळ्यांना."

"आणि तो घरी आला तेव्हा?"

"तू त्याला श्रीखंड वाढत होतीस. मी पुऱ्या तळत होते."

"ह्या गाईडबाईला कधी सांगितलंस?"

"चार वर्षं झाली."

परक्या बाईला सांगितलं, आईला नाही. हे मला लागलं, खोटं कशाला बोलू? पण लगेच कळलं पण. त्या बाईनं त्याला कधी ओवाळलं नव्हतं.

मग पोरीनं तिची अडचण सांगितली. थिसिसमधी एक धडा राहिला होता, तोच गाईडबाईला सगळ्यात महत्त्वाचा वाटत होता. बाकीच्या बायकांचं सगळं लिहून झालं होतं, नावं बदलून. हिचं स्वतःचं राहिलं होतं. अशा अभ्यासात स्वतःचं पण लिहिता येतं म्हणे, "मी" म्हणून, नाव लपवून नाही. गाईडबाई म्हणाल्या होत्या, तुझी इच्छा, नाही लिहिलंस तरी डिग्री मिळेल. पण हिला वाटत होतं, ह्या सगळ्या बायका माझ्यासमोर मोकळ्या झाल्या, आणि मीच तोंड बांधून बसले तर कसला अभ्यास?

"मग लिही की."

"आई, मी 'मी' म्हणून लिहिलं की माणूस कोण ते सगळ्या जिल्ह्याला कळेल. तुझा भाऊ कोण ते कोणाला माहीत नाही? तुला परत तिथं जायचंय. आणि एजन्सी?"

एजन्सी आता माझा पुतण्या चालवतो. दिराचा मुलगा, दोन लेकरांचा बाप. मी इकडं येताना त्याच्या हवाली केली. कागदावर अजून माझंच नाव. आणि भाऊ आता त्या पेपरात फार वर गेलेले.

नातीला बाबागाडीत घालून बाहेर गेले. थंडी सुरू झालेली, पोरं सायकलीवरून टोप्या घालून चाललेली. मी चालत राहिले. एकच गोष्ट डोक्यात. तो माणूस वाईट असता तर सोपं होतं. त्यानं माझी एजन्सी वाचवली ती खोटी नव्हती. माझ्याकडं त्यानं कधी वाकड्या नजरेनं बघितलं नाही, हेही खरं. मग हे पण त्यानंच केलं का? तर त्यानंच केलं. पोरगी खोटं बोलत नाही. लहानपणी आरसा फोडला तरी स्वतः येऊन सांगायची.

भाऊबीजेला भाऊंचा व्हिडिओ कॉल आला. मी इकडं आल्यापासून फोनवरच ओवाळायचे. त्या दिवशी पोरीला म्हणलं, तू आत जा. ती गेली नाही, दाराच्या आड उभी राहिली, त्यांना दिसणार नाही अशी.

"काय ताई! ताट कुठंय? का अमेरिकेत ओवाळायला पण अपॉइंटमेंट लागते?"

"ताट नाही केलं भाऊ. तुम्हाला एक विचारायचं होतं."

"विचारा की. हुकूम करा."

"पोरगी तुमच्याकडून का गेली?"

हसू तसंच राहिलं त्यांच्या तोंडावर, पण डोळे हलले. मागं त्यांची बायको दिवे लावत होती. ते उठून दुसऱ्या खोलीत गेले, दार लावलं.

"हे काय आज सणासुदीला? जुनं झालं ते. तिलाच जमलं नाही."

"केबिनचं दार का लावायचात?"

"ताई, तिकडच्या बायका पोरींची डोकी भरवतात. तुम्हाला नाही कळायचं ते सगळं."

"मला तिकडच्या बाईनं नाही सांगितलं. माझ्या पोरीनं सांगितलं."

त्यांनी मागं वळून दार बघितलं. मग एकदम मऊ आवाजात म्हणाले, "ताई, मी तुमच्यासाठी काय केलं नाही? आठवा जरा. आणि आता तुमच्या पुतण्याचं चाललंय, चांगलं चाललंय. त्याच्या पोरांचा विचार करा. उगाच कशाला…"

तिथं माझी खात्री पटली. त्यांनी नाही म्हणलं असतं, रागावले असते, शिव्या दिल्या असत्या, तर माझं मन अजून थोडं मागंपुढं झालं असतं. पण ते पुतण्याच्या पोरांवर आले.

मी म्हणलं, "आठवतं भाऊ. सगळं आठवतं. वहिनींना माझा दिवाळीचा नमस्कार सांगा." आणि फोन ठेवला. त्या बाईचा काय दोष, ती दिवे लावत होती बिचारी.

पोरगी दाराआडून बाहेर आली. तिनं माझ्यासाठी चहा टाकला, साखर जास्त झाली. दोघींनी प्यायला.

आठ-दहा दिवसांत पुतण्याचा फोन आला. भाऊंच्या पेपरचे गठ्ठे यायचे बंद झाले होते. गाडी स्टँडवर थांबली, दुसऱ्याच माणसाकडं गठ्ठे दिले. ड्रायव्हर म्हणाला, ऑफिसातून तसं सांगितलंय. कारण काय, तर एजन्सी जिच्या नावावर ती बाई परदेशात.

फोन स्पीकरवर होता. पोरगी ऐकत होती.

"काकू, तू काही बोललीस का तिकडं कोणाला?"

मी सगळं सांगितलं. पुरुषमाणसाला असलं सांगायची मला सवय नाही, पण सांगितलं. मग मागून त्याच्या बायकोचा आवाज, काय झालं, काय झालं म्हणून.

"काकू, तायडी आहे का तिथं?"

"आहे. ऐकतीय."

"तायडे, तेव्हाच का नाही सांगितलंस गं? स्टँडवर धरला असता त्याला."

पोरगी म्हणाली, "म्हणूनच नाही सांगितलं दादा."

तो हसला, पण नीट हसता आलं नाही त्याला. मग म्हणाला, "हे बघ, दुसरे तीन पेपर आहेतच माझ्याकडं. उद्यापासून दूध पण टाकायला लागेन. माझी काळजी तुम्ही नका करू." मागून त्याची बायको काहीतरी बोलली. तो म्हणाला, "ही म्हणते, दूध मीच टाकणार, तुम्हाला पहाटे पेपर असतात म्हणून."

फोन ठेवला आणि पोरगी लॅपटॉपसमोर बसून रडायला लागली. "मी काढून टाकते आई. तो धडाच काढून टाकते. डिग्री मिळतेय ना तशी पण. कोणाच्या पोटावर पाय देऊन मला नाही लिहायचं."

मी तिच्याजवळ खुर्ची ओढली. "पाय तू नाही दिलास. वाच."

"काय?"

"काय लिहिलंयस ते वाच. मराठीत सांग मला."

तिनं वाचलं. थांबत, एकेका वाक्याचं मराठी करत. केबिन होती, दार होतं, रेसिपीची पुरवणी होती, चहा पिणारी माणसं होती. चांगलं लिहिलं होतं, मला कळेल असं. पण त्या माणसाबद्दल एवढंच होतं की "संपादक हे कुटुंबाच्या ओळखीचे होते."

"ओळखीचे?"

"मग काय लिहू?"

"मी त्याला ओवाळत होते ते लिही. माझी एजन्सी त्यानं वाचवली ते लिही. तुला पुस्तकं आणायचा. मी गावाला त्याच्या नावाची भीती घालायचे. सगळं लिही."

"आई, हे लिहिलं तर तो चांगला दिसेल."

"दिसू दे. चांगलं केलं म्हणूनच तर तू गप्प बसलीस. नाहीतर पहिल्याच दिवशी घरी येऊन मला सांगितलं असतंस."

ती माझ्याकडं बघत राहिली. मला वाटलं मी काही चुकीचं बोलले. मग ती वळली आणि टाइप करायला लागली. मी मधेमधे सांगत होते, ती विचारत होती, साडी कुठल्या रंगाची, स्टँडवर काय बोलला होता, श्रीखंड त्या दिवशी घरचं होतं का विकतचं. घरचं होतं. चक्का रात्रभर टांगला होता मी. ते पण तिनं लिहिलं. अभ्यासात असलं चालतं का म्हणून मी विचारलं, तर म्हणाली, चालतं.

"तुझं नाव पण बदलू का?"

"मी कोण आहे त्यात?"

"आई."

"मग आईच लिही. आईचं नाव बदलून काय होतंय? सगळ्या जिल्ह्याला माहीत आहे तुझी आई कोण."

तेवढ्यात नात उठली. मी तिला आणायला आत गेले. बाहेर आले तेव्हा पोरगी हात मांडीवर ठेवून बसली होती.

"झालं?"

"झालं. पाठवू गाईडला?"

तिला माझी परवानगी लागत नव्हती, एवढी मोठी झालीय ती. तरी थांबली होती. मी नातीला तिच्या मांडीवर दिलं आणि म्हणलं, "पाठव."

तिनं पाठवलं. मग मी पुतण्याला फोन लावला, सांगायला की पोरीनं लिहिलं. तिकडं पहाट होती. फोन त्याच्या बायकोनं उचलला. ती दुधाच्या गाडीची वाट बघत उभी होती.